मोलकरणीचा रोल आणि आपली फूटपट्टी



बऱ्याच दिवसांनी लिहायला बसले आहे. मध्ये मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, त्यानंतर आपला वर्ध्याचा उन्हाळा... असो. आज मात्र राग आला म्हणून लिहिते आहे, हे आधीच सांगून टाकते. नात्यातली मंडळी इथे येऊन वाचतात हे मला ठाऊक आहे. ज्यांना लागायचं त्यांना लागू दे. चौतीस वर्षं मास्तरकी केलेल्या बाईनं आता कोणाला घाबरायचं?

झालं असं की परवा घरी साखरपुडा होता. जेवणं आटोपली, पानसुपारी झाली आणि आपल्याकडे रीतच आहे त्याप्रमाणे घरातल्या पोरांच्या भविष्याची चर्चा सुरू झाली. माझ्या धाकट्या बहिणीची नात यंदा बारावी झाली. मार्क चांगले आहेत. तिला विचारलं, पुढे काय? ती म्हणाली, "बी.ए. करीन, सोबत नाटक करीन आणि पदवी झाली की दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाची परीक्षा देईन."

एकदम शांतता. जसं काही पोरीनं घर सोडून हिमालयात जाते म्हणून सांगितलं!

मग पुण्याहून आलेले आमचे एक भाचे (आयटीत आहेत, मोठ्या हुद्द्यावर आहेत, स्वभावानं वाईट नाहीत) म्हणाले, "अगं, तिथे शिकून होऊन होऊन काय होशील? ती 'गुल्लक'मधली आई आहे ना, काय नाव तिचं, अतुल कुलकर्णीची बायको. ती पण तिथलीच शिकलेली. काय मिळालं? सिनेमात मोलकरणीचा रोल, नाहीतर कोणाची तरी आई. इतकी वर्षं झाली, रस्त्यात कोणी ओळखत तरी असेल का?"

सगळे हसले. पोरगी वाटीतली बासुंदी चमच्यानं ढवळत बसली. मी तेव्हा काही बोलले नाही. माझं हे जुनं दुखणं आहे. वेळेवर बोलत नाही आणि मग रात्रभर झोप येत नाही. म्हणून आता सगळं इथे लिहिते.

पहिली गोष्ट. तिला नाव आहे. गीतांजली कुलकर्णी. अतुल कुलकर्णी हे फार मोठे नट आहेत, 'हे राम' आणि 'चांदनी बार'साठी त्यांना दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, त्यांच्याबद्दल आदरच आहे. पण ते दोघंही एकाच नाट्य विद्यालयात शिकले. मग अतुल कुलकर्णींची ओळख करून देताना 'गीतांजलीचा नवरा' असं आपल्यापैकी कोणी कधी म्हटलं आहे का? बाईचं काम डोळ्यांसमोर असतं, तरी नाव आठवताना आपल्याला आधी नवरा आठवतो. हा दोष तिच्या प्रसिद्धीचा नाही, आपल्या स्मरणशक्तीचा आहे.

दुसरी गोष्ट. 'काय मिळालं?' हा प्रश्न विचारणाऱ्यांनी तिचं काम पाहिलं आहे का? भाच्यांना मी फोनवर विचारलं (हो, दुसऱ्या दिवशी सकाळी मी फोन केला). 'गुल्लक' पाहिली होती. बाकी काहीच नाही. म्हणजे पेपर न तपासताच नापास! मी शाळेत असं केलं असतं तर पालकांनी मला उभं केलं असतं.

तर मी पाहिलेलं सांगते. 'कोर्ट' हा चैतन्य ताम्हाणेंचा चित्रपट. 2014 साली व्हेनिसच्या महोत्सवात दोन मोठे पुरस्कार मिळवून आला, मग आपल्याकडे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, 2015 साली भारताकडून ऑस्करला गेला. मला तो थिएटरात काही पाहता आला नाही, दोनेक वर्षांनी मुलाच्या लॅपटॉपवर पाहिला. त्यातल्या म्हाताऱ्या लोकशाहिराचं काम आपल्या नागपूरच्या वीरा साथीदारांनी केलं होतं. 2021 च्या एप्रिलमध्ये करोनानं ते गेले. त्यांच्यावर खटला असा, की त्यांचं गाणं ऐकून एका गटार साफ करणाऱ्या कामगारानं जीव दिला. आणि त्यांच्याविरुद्ध उभी असलेली सरकारी वकील म्हणजे गीतांजली कुलकर्णी.

आता ही वकीलीणबाई खलनायिका दाखवायची किती सोपी गोष्ट होती! डोळे वटारायचे, आवाज चढवायचा, टेबलावर हात आपटायचा. मालिकांमध्ये रोज चालतं ते. या बाईनं यातलं काहीही केलं नाही. ती उभी राहते आणि जुन्यापुराण्या कायद्याची कलमं एका सुरात वाचत जाते, आपण वर्गात हजेरी घ्यायचो तशी. कोर्ट सुटलं की लोकलनं घरी निघते. गाडीत शेजारणीशी नवऱ्याच्या मधुमेहाच्या आणि तेलाच्या गप्पा मारते. पोराला घेते, घरी जाऊन स्वयंपाकाला लागते. सुटीच्या दिवशी कुटुंबाला घेऊन हॉटेलात जेवते आणि परप्रांतीयांची टर उडवणारं नाटक बघून पोट धरून हसते. आणि सहकाऱ्यांशी बोलताना अगदी सहज म्हणून जाते की टाका एकदाचं वीस वर्षं आत आणि संपवा. तेच तेच चेहरे बघून तिला कंटाळा आलेला असतो.

मंडळी, मला त्या रात्री भीती वाटली. कारण ती बाई मला ओळखीची होती. ती दुष्ट नाही. ती थकलेली आहे, तिला घरी जाऊन भात टाकायचा आहे, आणि समोर एका माणसाचं आयुष्य चाललं आहे याच्याशी तिचं देणंघेणं नाही. किती कार्यालयांच्या खिडक्यांमागे मी ती पाहिली आहे. खरं सांगायचं तर स्टाफरूममधल्या आरशातही पाहिली आहे. पेपरांचा गठ्ठा उपसताना मी कितीदा तरी असंच म्हटलं असेल, द्या पस्तीस नाहीतर करा नापास, संपवा एकदाचं!

एखाद्या नटीनं मला माझाच चेहरा दाखवला. भाचे विचारतात, काय मिळालं? तिला काय मिळालं ते तिचं ती जाणे. मला हे मिळालं.

तिसरी गोष्ट, त्या मोलकरणीची. हो, केल्या आहेत तिनं मोलकरणी. रोहेना गेरांचा 'सर' 2018 साली कान महोत्सवाच्या एका विभागात दाखवला गेला. त्यात शेजारच्या घरी काम करणारी लक्ष्मी तीच आहे. रितेश बत्रांच्या 2019 च्या 'फोटोग्राफ'मध्ये शिकणाऱ्या मुलीच्या घरची रामप्यारी तीच आहे. थोडा वेळ पडद्यावर असते, पण त्या बाईला मागे एक गाव आहे, माणसं आहेत, स्वतःचं मत आहे, हे तिच्या नुसत्या बसण्याउठण्यातून कळतं.

आता मला सांगा, 'मोलकरणीचा रोल' म्हणताना तुम्ही जे नाक मुरडता, ते अभिनयाला मुरडता की मोलकरणीला? राणीचा रोल केला असता तर चाललं असतं. डॉक्टरणीचा, कलेक्टरणीचा चालला असता. म्हणजे तुमचा राग नाटकावर नाहीच. ज्या बाईच्या जिवावर आपली घरं चालतात, जी चार दिवस आली नाही तर आपल्या सुना रडकुंडीला येतात, तिचं आयुष्य पडद्यावर दाखवणंसुद्धा तुम्हाला कमीपणाचं वाटतं. साखरपुड्याच्या दिवशी भांड्यांचा ढीग कोणी घासला, भाऊ? तिचं नाव तरी ठाऊक आहे का कोणाला?

यात एक तक्रार मात्र खरी आहे आणि ती मी मान्य करते. हिंदी सिनेमावाल्यांना मराठी बाई दिसली की हातात झाडू द्यायचं सुचतं. पण ही तक्रार लिहिणाऱ्यांकडे आणि पैसा लावणाऱ्यांकडे करायची की ते काम जीव ओतून करणारीकडे? परीक्षेत प्रश्नच सोपा आला, हा काही मुलाचा गुन्हा नसतो. त्यानं उत्तर कसं लिहिलं ते बघायचं असतं.

आणि त्याच बाईनं दुसरीकडे काय काय केलं आहे ते बघा. 2012 साली लंडनच्या ग्लोब नाट्यगृहात शेक्सपिअरची सदतीस नाटकं सदतीस भाषांत झाली. त्यात हिंदीतलं 'पिया बहुरूपिया' हे अतुल कुमार यांनी बसवलेलं 'ट्वेल्फ्थ नाइट' होतं आणि त्यातली नायिका, पुरुषवेश घेऊन फिरणारी व्हायोला, आपली गीतांजली होती. मोहित टाकळकरांच्या 'गजब कहानी'त तर ती हत्ती झाली आहे! लिस्बनहून व्हिएन्नाला चालत निघालेला हत्ती. ना सोंड, ना मोठे कान, नुसत्या अंगानं उभा केलेला हत्ती. मी आमच्या भाच्यांना विचारते, तुमच्या कंपनीत इतक्या वर्षांत तुम्हाला एकदा तरी हत्ती व्हायला सांगितलं का? (हसू नका. नीट विचार करा.)

आणि 'गुल्लक'? 2019 पासून 2024 पर्यंत चार भाग आले. हिंदी पट्ट्यातल्या लहान शहरातलं मिश्रा कुटुंब, आणि गोष्ट सांगतो तो घरातला पैसे साठवायचा गल्ला. ती शांती मिश्रा इतकी तिकडची वाटते, की आमच्या शेजारच्या उत्तर प्रदेशातून आलेल्या बाईंना ती मराठी आहे हे पटेना. त्यांनी नातवाला मोबाइलवर शोधायला लावलं, तेव्हा पटलं. म्हणजे गंमत बघा. अभिनय इतका खरा की बाई दिसेनाशी होते. आणि बाई दिसत नाही म्हणून आपण म्हणायचं की तिला कोणी ओळखत नाही!

ओळखीचं म्हणाल तर आपली ओळख फार उशिरा जागी होते. उषा जाधवला 'धग'साठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, 2019 साली गोव्याच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात 'माई घाट'साठी पुन्हा रौप्य मयूर मिळाला. विचारा चार घरी, 'धग' कोणी पाहिला आहे का? छाया कदम 'फँड्री'त होती, 'सैराट'मध्ये होती. 2024 साली 'ऑल वी इमॅजिन अॅज लाइट'ला कानला ग्रां प्री मिळालं, तिचे फोटो आले, तेव्हा सगळ्यांच्या स्टेटसवर 'आपली छाया' झाली. त्याआधी ती कोणाची होती? चित्रपट आपल्या गावात लागत नाही, लागला तर आठवड्यात उतरतो, आपण जात नाही, टीव्हीवर रोज रात्री सासू-सुनांची भांडणं बघतो, आणि वर त्या बायकांनाच विचारतो की तुम्हाला कोणी ओळखत कसं नाही?

आता पैशाचं. हा मुद्दा मी टाळणार नाही, कारण महिन्याच्या वीस तारखेला पगार संपलेलं घर मीही चालवलं आहे. नाटकात पैसा बेभरवशाचा आहे. एक गीतांजली दिसते तेव्हा तिच्यामागे घरी परत गेलेल्या कित्येक असतात. तिच्या घरात दोघं एकाच क्षेत्रातले, एकमेकांचं दुखणं समजणारे. प्रत्येकीला ते मिळत नाही. हे सगळं खरं. पण मग त्यावर उपाय काय? पोरीला चारचौघांत हसणं हा उपाय आहे का? पदवी पूर्ण कर, जोडीला शिकवण्याचं काम शीक, पाच वर्षांचा हिशेब मांड, हे सांगा की! इंजिनिअर होऊन घरी बसलेली पोरं आपल्या प्रत्येक गल्लीत आहेत. त्यांना कोणी विचारत नाही की शिकून काय मिळालं. चंद्रपूर-गडचिरोलीकडे दिवाळी झाली की झाडीपट्टीची नाटकं रात्र रात्र चालतात, धान विकून माणसं तिकीट काढतात आणि कलावंतांची घरं चालतात. नाटक आपल्या विदर्भाला परकं नाही. आपल्या बैठकीच्या खोल्यांनाच परकं झालं आहे.

आणि आता मला सगळ्यांत जास्त बोलायचं आहे ते. गीतांजली कुलकर्णी कॅमेऱ्यासमोर नसते तेव्हा काय करते, ठाऊक आहे? पालघर जिल्ह्यात वाडा तालुक्यात सोनाळे म्हणून गाव आहे. तिथे नीलेश निमकरांनी सुरू केलेली 'क्वेस्ट' ही शिक्षणात काम करणारी संस्था आहे. तिच्यात 'गोष्टरंग' नावाचा उपक्रम गीतांजलीनं उभा केला. तरुण कलावंतांना तयार करायचं आणि त्यांनी आश्रमशाळांत, जिल्हा परिषदेच्या शाळांत जाऊन पुस्तकातल्या गोष्टी मुलांसमोर करून दाखवायच्या. नुसता खेळ करून निघून यायचं नाही, मुलांशी बोलायचं, त्यांना खेळवायचं, त्या पुस्तकाकडे परत आणायचं. ज्या पोरांच्या घरची भाषा वेगळी आणि पुस्तकाची वेगळी, त्यांना वाचावंसं वाटावं म्हणून.

मी हे वाचलं तेव्हा मान खाली गेली. कारण मी वर्ध्याची. 1937 च्या ऑक्टोबरात गांधीजींनी देशभरातली शिक्षणातली माणसं इथे, या आपल्या गावात जमवली आणि नई तालीम मांडली. हातानं, मनानं आणि बुद्धीनं शिकायचं. आम्ही डी.एड., बी.एड.च्या पेपरात त्यावर टीपा लिहिल्या, पाच पैकी चार मार्क घेतले. सेवाग्राम माझ्या घरापासून काही मैलांवर. आणि मी वर्गात काय केलं? परीक्षा जवळ आली की चित्रकलेचा तास गणिताला दिला, कार्यानुभवाचा इंग्रजीला. नाटक म्हणजे गॅदरिंगचं, तेही वर्षातून एकदा. पोरांनी गोष्ट अंगानं करून बघायची असते हे मुंबई-दिल्लीच्या रंगभूमीवरची बाई पालघरच्या आश्रमशाळेत जाऊन दाखवते, आणि आम्ही नई तालीमच्या गावातले लोक तिला 'मोलकरणीचा रोल करणारी' म्हणतो!

आता एक शेवटचं. हे मी आजवर कोणाला सांगितलं नाही.

1986 सालची गोष्ट. तेव्हा मी तालुक्याच्या एका शाळेत नववीची वर्गशिक्षिका होते. वर्गात एक मुलगी होती, शेतमजुराची. गॅदरिंगच्या एकांकिकेत तिनं आंधळ्या म्हातारीचं काम केलं. सभागृहात गावातली टवाळ पोरं बसली होती, शिट्ट्या मारायला टपलेली. ती काठी टेकत आली आणि सगळे गप्प झाले. मी पडद्यामागे उभी होते, माझ्या अंगावर काटा आला. पाहुणे म्हणून आलेल्या एका नाटकवाल्या गृहस्थांनी सांगितलं की हिला नागपूरला पाठवा, शिबिराची सोय आम्ही करतो. दुसऱ्या दिवशी तिचा बाप शाळेत आला. हातात टोपी. म्हणाला, "बाई, पोरगी म्हनते नागपूरले जातो नाटक शिकाले. तुमी सांगान तसं करू जी."

तुम्ही सांगाल तसं! एवढा अधिकार त्या माणसानं मला दिला होता. आणि मी काय सांगितलं? "नाटकात काय ठेवलं आहे? डी.एड.ला पाठवा. मास्तरीण होईल, घर सावरेल."

तिला डी.एड.ला नंबर लागला नाही. दहावीनंतर लग्न झालं. बऱ्याच वर्षांनी एकदा हिंगणघाटच्या स्टँडवर भेटली, कडेवर पोर होतं. माझ्या पाया पडली. मी काही विचारायच्या आत हसून म्हणाली, "बाई, पोट्ट्यायले झोपवताना मी अजून म्हातारी होतो."

ती गीतांजली कुलकर्णी झाली असती असं मी म्हणत नाही. शिबिराहून परत येऊन तिचं लग्नच झालं असतं कदाचित. पण ते तिनं ठरवायचं होतं. मी फूटपट्टी घेऊन उभी राहिले आणि तिला मोजून मोकळी झाले. बरं, ती फूटपट्टी माझी तरी कुठे होती? तीही मला कोणीतरी दिलेली. पगार किती, नाव किती, लोक ओळखतात किती. परवा भाच्यांच्या हातात तीच दिसली म्हणून इतका राग आला. रागाचं खरं कारण हे आहे.

तेव्हा नात्यातल्या सगळ्यांना हात जोडून विनंती. 'कोर्ट' पाहा, 'सर' पाहा. पाहून झाल्यावर नावं ठेवा, मी ऐकून घेईन. न पाहता ठेवू नका. आणि तुमच्या घरात एखादी पोर आरशासमोर कोणाची तरी नक्कल करत असेल तर हसा, पण तिच्यासोबत हसा.

नातीसाठी निरोप: बाळा, बी.ए.चा फॉर्म भरायला मी सोबत येते. नागपूरला जो नाटकाचा वर्ग तू शोधून ठेवला आहेस, त्याची पहिल्या वर्षाची फी माझ्या पेन्शनमधून. पुढे मोलकरणीचा रोल मिळाला तर आपल्या घरी काम करणाऱ्या बाईंकडे चार दिवस बसायला जा, त्या सांगतील कसा करायचा.

कोणाला आक्षेप असेल तर फोन करावा. दुपारी दोन ते चार मी झोपते.